तलावाचा काठ कोणाचा? गोंदिया जिल्ह्यातील एका मामा तलावाचे प्रकरण

गाव गोंदिया जिल्ह्यातले, धानपट्ट्यातले. गावाचे नाव, गट क्रमांक आणि माणसांची ओळख इथे दिलेली नाही. आसपासच्या गावांत त्याच धाटणीने घडलेल्या काही गोष्टीही याच तलावाला जोडल्या आहेत. त्यामुळे पूर्व विदर्भातल्या कोणाला हा आपलाच तलाव वाटला, तर ते साहजिक आहे.

पार्श्वभूमी

भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली आणि नागपूर या पाच जिल्ह्यांत मिळून साडेसहा हजारांहून अधिक मामा तलाव आहेत. मामा म्हणजे माजी मालगुजारी. गोंड राजवटीच्या काळात कोहळी समाजातल्या जाणकारांनी बांधलेले हे तलाव पुढे मालगुजारांकडे आले. १९५० मध्ये तेव्हाच्या मध्य प्रदेशात मालगुजारी रद्द करणारा कायदा झाला आणि तलाव सरकारजमा झाले. आज त्यांतले बहुतेक लहान तलाव जिल्हा परिषदेच्या लघुपाटबंधारे विभागाकडे आहेत. मालक बदलला तशी देखभालीची सवयही मोडली. पाळीवर, म्हणजे तलावाच्या बांधावर, झाडे वाढली, तुडुमाच्या (पाळीतून पाणी सोडण्याच्या दाराच्या) फळ्या सडल्या, पाट बुजले.

हा तलाव याच पठडीतला. एका अंगाला मातीची पाळ, पाळीत तुडुम, कडेला सांडवा. समोरच्या अंगाने, म्हणजे पाणी आत येते त्या येव्याच्या बाजूने, जमीन इतकी हळू उतरते की पावसाळ्यानंतर बरेच अंतर पाणी घोट्यापासून कमरेपर्यंतच राहते. प्रकरण कळायचे तर हा उथळ पट्टा आधी डोळ्यांसमोर आणावा लागतो. पाळीजवळच्या खोल भागात पाणी साठते, पण तलावातला जीव या पट्ट्यात असतो. देवधान, पाणकंदाचे गवत, कमळ, कुमुदिनी, पाण्याखालची हायड्रिला आणि व्हॅलिस्नेरिया इथेच वाढतात. मरळ, दाडक, मागूर, शिंगी इथेच अंडी घालतात. अडई, काणूक, कमळपक्षी इथेच दिसतात आणि पाणकंद उकरायला सारसही इथेच उतरतो.

तलावावर हक्क सांगणारे तीन. धान पिकवणाऱ्यांना पाणी हवे. ढिवरांच्या मच्छीमार सहकारी संस्थेने तलाव लीजवर घेतलेला, तिला मासे हवेत. तिसरे गाळपेर करणारे आणि जनावरे चारणारे. पाणी मागे सरकले की उघडी पडणारी ओली जमीन त्यांना हवी. उथळ पट्ट्यावर तिघांचीही नजर होती, सांभाळ मात्र एकाकडेही नव्हता.

अडचण

गावात तक्रार सुरू झाली ती मासे कमी झाले म्हणून. संस्थेचा पहिला अंदाज होता की मत्स्यबीज खराब मिळते. बोटुकली आकाराचे चांगले बीज आणले, तरी फरक पडला नाही. मग संस्थेतल्या म्हाताऱ्या ढिवरांनी ध्यानात आणून दिले की, तलावात आता जाळ्याला गवतच लागत नाही. ते का, हे शोधताना चार कारणे सापडली आणि चारही एकमेकांत गुंतलेली होती.

पहिले कारण बेशरम. ही परकी झुडपी वनस्पती जनावरे खात नाहीत, म्हणून काठावर तिचीच सत्ता झाली. तिच्या दाट सावलीत इतर काही उगवत नव्हते.

दुसरे कारण संस्थेनेच आणलेले. रोहू, कटला, मृगळ यांच्याबरोबर गवत्या (ग्रास कार्प) आणि सायप्रिनस (कॉमन कार्प) सोडले जात होते. गवत्या लवकर वजन धरतो, कारण तो पाणवनस्पती अखंड खातो. सायप्रिनस तळ उकरतो, पाणी गढूळ राहते, ऊन खाली पोचत नाही आणि उरलेसुरले गवतही मरते.

तिसरे कारण गाळपेर. पाणी ओसरण्यामागे पेरणी करणे ही जुनी रीत आहे, तिच्यात वावगे काही नाही. पण इथे काही जणांनी तलावाच्या आत कायमचे धुरे, म्हणजे शेताचे बांध, घातले होते. आपल्या पट्ट्यातून पाणी लवकर उतरावे म्हणून एका वर्षी रात्रीतून सांडव्याचा माथा फोडला गेला. उन्हाळी धानावरची फवारणी थेट तलावात उतरत होती, ती वेगळीच.

चौथे कारण गाळ काढण्याचे, आणि आमच्या मते सर्वांत जास्त नुकसान त्यानेच केले. 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' ही योजना राज्यात २०१७ मध्ये आली. कल्पना चांगली, गाळ शेताला सोन्यासारखा. पण पोकलेन चालवणाऱ्याला गाळ आणि तळ यांतला फरक कोणी दाखवला नाही. यंत्र उतरायला सोपी जागा म्हणजे उथळ काठ, म्हणून खोदाई तिथून सुरू झाली. घमेल्यासारखा तिरपा तलाव डब्यासारखा उभ्या कडांचा झाला. दोन ठिकाणी खोदाई चिकण थर ओलांडून मुरमापर्यंत गेली. तलावाचे पाणी धरून ठेवतो तो तळाचा हा चिकण थर. तो फुटला की पाणी मुरमातून निघून जाते. साठा वाढवायला काढलेल्या गाळाने त्या बाजूला साठा कमीच केला.

समोरचे पर्याय

पहिला विचार अर्थातच पाणथळ नियमांचा झाला. २०१७ च्या पाणथळ जागा (संवर्धन व व्यवस्थापन) नियमांत अतिक्रमण, भराव, घनकचरा, सांडपाणी यांना मनाई आहे. मागच्या दहा वर्षांतल्या सरासरी पूररेषेपासून ५० मीटरच्या आत पक्के बांधकामही करता येत नाही. कागद वाचून गावाला हुरूप आला. पण याच नियमांच्या व्याख्येत सिंचनासाठी, पिण्याच्या पाण्यासाठी किंवा मत्स्यशेतीसाठी मुद्दाम बांधलेले मानवनिर्मित जलसाठे वगळलेले आहेत. मामा तलाव सिंचनासाठीच बांधलेला. शतकानुशतकांत तो पाणथळ झाला आहे हे कोणीही मान्य करील, पण व्याख्येला त्याचे वय दिसत नाही. सर्वोच्च न्यायालयाने ८ फेब्रुवारी २०१७ च्या आदेशात राष्ट्रीय नकाशासंग्रहातल्या २,०१,५०३ पाणथळ जागांना, म्हणजे सव्वादोन हेक्टरांहून मोठ्या जागांना, २०१० च्या जुन्या नियमांच्या तत्त्वांनुसार संरक्षण द्यायला सांगितले होते. त्याचा आधार घेऊन भांडता आले असते, पण ते वकिलांचे आणि वर्षांचे काम. पोकलेन पुढच्या उन्हाळ्यात येणार होता.

दुसरा पर्याय होता जैवविविधता कायद्याच्या कलम ३७ खाली वारसा स्थळ जाहीर करून घेण्याचा. यात अधिसूचना राज्य सरकार काढते, स्थानिक संस्थेचा सल्ला घेऊन. ग्रामसभेत याला विरोध झाला तो चराई बंद होईल या भीतीने. भीती पूर्ण खरी नव्हती, पण अभयारण्याच्या शेजारी राहिलेल्या गावांना ती समजावून काढता येत नाही.

तिसरा, वनहक्क कायद्याखाली सामूहिक दावा. २००६ च्या कायद्याच्या कलम ३(१)(ड) मध्ये मासे आणि जलाशयातल्या इतर उत्पादनांवरचा हक्क स्पष्ट आहे. शेजारच्या काही गावांना तो लागू पडतो. हा तलाव मात्र महसुली जमिनीवर आहे, वनजमिनीवर नाही. ढिवर कुटुंबे 'इतर पारंपरिक वननिवासी' ठरली असती तर त्यांना १३ डिसेंबर २००५ पूर्वीच्या तीन पिढ्यांचे, म्हणजे ७५ वर्षांचे पुरावे गोळा करावे लागले असते. हा मार्ग लगेच बाजूला पडला. जिल्हा अनुसूचित क्षेत्रात नसल्याने तिथल्या ग्रामसभांना अधिकार देणारा पेसा कायदाही नाही.

उरला तो तुकड्यातुकड्यांचा मार्ग. प्रत्येक गोष्टीसाठी ज्याच्या हातात खरा अधिकार आहे त्याला धरायचे. जमिनीसाठी तहसीलदार, माशांसाठी लीजचा करारनामा, गाळासाठी लघुपाटबंधारे विभागाचा अंदाजपत्रकी कागद, वनस्पती आणि नोंदींसाठी ग्रामपंचायतीची जैवविविधता व्यवस्थापन समिती. आणि या सगळ्यांना बांधणारा ग्रामसभेचा ठराव. दिसायला गबाळा, पण प्रत्येक तुकडा वर्षभरात हाती येण्याजोगा. गावाने हाच निवडला.

काय केले: हद्द

सुरुवात हद्दीपासून झाली. तलाव कुठे संपतो हे तीन कागदांत तीन प्रकारे लिहिलेले असते, म्हणून आधी पाण्यालाच विचारायचे ठरले. तलाव भरून सांडव्यावरून नुकती धार लागली की त्या दिवशी पाण्याची कड ही पूर्ण भरण पातळीची रेघ असते. वारा नसलेल्या सकाळी वीस-वीस पावलांवर बांबूच्या खुंट्या ठोकत काठ फिरायचा. यंत्र लागत नाही, समपातळी पाणीच दाखवते. उन्हाळ्यात त्याच जागी चुना लावलेले दगड गाडायचे.

पहिल्या वर्षी निम्म्या खुंट्या पंधरा दिवसांत गायब झाल्या. दुसऱ्या वर्षी खुंट्या ठोकायच्या फेरीत गाळपेर करणाऱ्यांमधलेच तिघे घेतले. त्या खुंट्या टिकल्या.

मग भूमी अभिलेख कार्यालयाकडे सरकारी मोजणीचा अर्ज केला. मोजणी झाली आणि नवाच पेच निघाला. एका कोपऱ्यात सरकारी हद्दीबाहेर, खासगी सातबाऱ्याच्या जमिनीवर तलावाचे पाणी उभे राहत होते. दुसऱ्या कोपऱ्यात सरकारी जमिनीवर धान उभे होते. समितीतल्या काहींना पाणी जिथवर तिथवर तलाव, असे धरायचे होते. ग्रामसभेने तसे केले नाही. खासगी जमिनीवर दावा सोडला, सरकारी जमिनीवरच्या धुऱ्यांना मात्र धान कापून होईपर्यंत मुदत दिली. काही हेक्टर पाणथळ कागदाबाहेर राहिली हे खरे. पण तो कोपरा ओढला असता तर सातबारा हाती असलेली माणसे दिवाणी दाव्यात गेली असती आणि बाकीची हद्दही लोंबकळली असती. ही तडजोड बरोबर होती असे आम्हाला वाटते.

मुदतीनंतर दोन धुरे उरले. तलावाची जमीन सरकारची असल्याने ते काढायचा अधिकार सरपंचांना नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ५० खाली महसूल खात्याकडे अर्ज केला. त्याला मोजणीचा नकाशा, ग्रामसभेच्या ठरावाची प्रत, तारखेसह फोटो आणि तलाठ्यांचा पंचनामा जोडला. नुसता अर्ज महिनोन्महिने पडून राहतो; नकाशा आणि पंचनामा सोबत असला की त्यावर शेरा मारावा लागतो.

काय केले: काठ

बेशरम काढण्यात पहिले वर्ष अक्षरशः वाया गेले. श्रमदानात ती विळ्याने कापून ढीग तलावाच्या पोटातच ठेवले. जुलैत पाणी चढले, ढीग तरंगले आणि कांडीकांडीला मुळे फुटून ती न लागलेल्या काठावरही लागली. दुसऱ्या वर्षी पद्धत बदलली. पाणी ओसरून जमीन अजून ओली असते तेव्हा, साधारण फेब्रुवारी-मार्चमध्ये, कुदळ-सब्बलीने मुळासकट उपटायची, चुना लावलेल्या हद्दीच्या दगडांपलीकडे वाहून न्यायची, वाळवून जाळायची. त्याच जागी पुढच्या वर्षी पुन्हा फिरायचे, कारण उरलेल्या मुळांतून ती येतेच. येव्याच्या नाल्यावर काही शेतांना बेशरमेचेच कुंपण होते. ते हटवल्याशिवाय दर पावसाळ्यात नवे तुकडे येत राहणार होते. हे कुंपण ठरावात घालायला विसरले, पुढच्या ग्रामसभेत घातले.

मोकळ्या झालेल्या जागेत लगेच काही उगवत नाही. जनावरांच्या पायांनी आणि उन्हाने तळ विटेसारखा घट्ट झालेला असतो. मे महिन्यात ट्रॅक्टरच्या कल्टिव्हेटरने वरचा गाळाचा थर तेवढा मोकळा केला. नांगर लावला नाही, खालच्या चिकण थराला हात लागू नये म्हणून.

लावणी दोन टप्प्यांत झाली. पाणकंदाच्या गवताचे कंद उन्हाळ्यात शेजारच्या तलावाच्या कोरड्या भागातून उकरून आणले आणि पहिल्या पावसाच्या चिखलात चार बोटे खोल लावले. हायड्रिला आणि व्हॅलिस्नेरियाची वेळ पाणी गुडघाभर आणि थोडे निवळलेले असताना. मूठभर जुडी चिकणमातीच्या गोळ्यात दाबायची आणि हातभर अंतरावर तळाशी बसवायची. गोळ्याशिवाय टाकलेले गवत वाऱ्याने एका कोपऱ्यात जमा होते आणि कुजते. रोपे ओल्या बारदानात, आणली त्याच दिवशी लावायची. त्याआधी टपात धुऊन प्रत्येक जुडी तपासायची, कारण जलपर्णीचे एक रोप चुकून आले तर आधीची सगळी मेहनत फुकट. हे काम ढिवर महिलांनी केले. कोणते गवत कुठल्या खोलीला तग धरते हे त्यांना ठाऊक होते, आणि समितीच्या पहिल्या यादीतल्या चुकाही त्यांनीच काढल्या.

तीन तुकडे निवडले, अख्खा तलाव नाही. दोन तुकड्यांना बांबूवर जुनी जाळी ताणून कुंपण केले, तिसऱ्याला जाळी पुरली नाही.

काय केले: मासे, पाणी, गाळ

गवत्या बंद करण्यावर संस्थेत सर्वांत मोठा वाद झाला. तो वजनाला भरतो आणि लवकर विकला जातो, सभासदांचा घरखर्च त्यावर चालतो. निर्णय टप्प्याने घेतला. नवे बीज बंद, असलेले मासे दोन हंगामांत काढायचे. गवत्या साठलेल्या पाण्यात वीण करत नाही, त्यामुळे बीज थांबले की तो संपतो. सायप्रिनसचे तसे नाही. तो तलावातच अंडी घालतो, गवतालाच चिकटवतो. त्याला पूर्ण घालवता येणार नाही हे मान्य करून तो जाळ्यात आला की परत न सोडण्याचा नियम केला. संस्थेला शेवटी पटले ते वेगळ्याच हिशेबाने: रोहू-कटल्याचे बीज दरवर्षी विकत आणावे लागते, मरळ-दाडक-मागूर यांचे बीज फुकट आहे, फक्त त्यांना काठ आणि चढायला वाट हवी.

म्हणून चढणीच्या, म्हणजे पावसाच्या सुरुवातीला अंडी घालायला प्रवाहाविरुद्ध चढणाऱ्या, माशांचा नियम आला. मृग लागल्यापासून पुनर्वसू संपेपर्यंत, म्हणजे साधारण ७ जून ते १९ जुलै, सांडवा, नाला आणि लगतच्या बांध्यांमध्ये (धानाच्या वाफ्यांत) सापळे लावायचे नाहीत. ठरावात तारखा होत्या, दवंडीत नक्षत्रे. गावाने पाळली ती नक्षत्रे.

पाण्यासाठी तुडुमाजवळच्या दगडावर लाल पट्टा ओढला. त्याखाली पाणी गेले की तुडुम बंद. गाळासाठी विभागाकडून अटी लिहून घेतल्या: आधी चाचणी खड्डे, मातीचा रंग-पोत बदलला की थांबायचे, पाळीच्या पायथ्यापासून १५ मीटरच्या आत यंत्र नाही, आणि येव्याकडचा उथळ तिसरा हिस्सा पूर्ण वर्ज्य.

दंडाचे काय? सुरुवातीच्या मसुद्यात रोख दंड होता. तो काढला. ग्रामसभेच्या ठरावाच्या जोरावर वसुली करायला गेले की पहिलाच नाठाळ माणूस विचारतो, कोणत्या कायद्याने? आणि उत्तर नसले की ठरावाची पतच जाते. त्याऐवजी संस्थेने आपल्या सभासदांसाठी मासेमारीची पाळी काढून घेण्याची शिक्षा ठेवली, बाकीच्यांसाठी वरच्या कार्यालयाचा रस्ता.

निष्पत्ती

कुंपण केलेल्या दोन तुकड्यांत गवत धरले आणि पुढच्या पावसाळ्यात जाळीबाहेर पसरले. तिसरा तुकडा म्हशींनी महिन्याभरात सपाट केला. पाणी निवळ राहू लागले. दाडक आणि मागूर जाळ्यात परत दिसू लागले. मासे किती वाढले ते मात्र सांगता येत नाही, कारण काम सुरू होण्याआधीची नोंदच नव्हती. संस्थेच्या वहीत विक्रीचे रुपये होते, मासा कोणता आणि किती किलो हे नव्हते. जैवविविधता समितीकडे गावातल्या जीवजातींची लोकजैवविविधता नोंदवही होती, पण २०२० च्या सुमारास राष्ट्रीय हरित लवादाच्या मुदतीच्या दबावाखाली ज्या घाईने अशा वह्या भरल्या गेल्या, तशीच. माशांच्या पानावर शेजारच्या गावाची यादी उतरवली होती, तीही चुकांसकट. आता शाळेची मुले दर शनिवारी तुडुमाजवळच्या रंगवलेल्या पट्टीवरचे पाणी लिहितात आणि संस्था जातवार किलो लिहिते.

लाल पट्टा दुसऱ्याच वर्षी मोडला. सप्टेंबरात पावसाने ओढ दिली, धान गर्भात होते, पाणी पट्ट्याला टेकले. शेतकरी तुडुमावर जमले आणि फळ्या काढल्या. त्यांना दोष देणे अवघड आहे. ठरावात दुष्काळाचे कलमच नव्हते. नियम चांगल्या वर्षासाठी लिहिला होता. नंतर दुरुस्ती झाली: पट्ट्याखाली पाणी गेले तर उभ्या खरीप धानाला एकच पाळी, तीही त्याच आठवड्यात ग्रामसभा बोलावून. उन्हाळी धानाच्या पऱ्ह्यांना (रोपांना) एकही नाही.

वेगळे काय करता आले असते

आधीचे एक वर्ष नुसते मोजण्यात घालवायला हवे होते. मासे जातवार, पाण्याची पातळी, काठाचे फोटो ठरावीक चार जागांवरून. उत्साहाच्या भरात ते कोणाला सुचत नाही.

समितीत कायद्याप्रमाणे एक तृतीयांश महिला होत्या, पण नावापुरत्या. बैठक संध्याकाळी, म्हणजे स्वयंपाकाच्या वेळी. लावणी करणाऱ्या महिला तर समितीत नव्हत्याच. त्या आल्या असत्या तर तिसऱ्या तुकड्याला जाळी नसताना रोपे लावली गेली नसती. म्हशींची वाट तिथूनच जाते हे त्यांना माहीत होते.

गाळाच्या अटी एका वर्षाच्या कार्यादेशाला जोडल्या होत्या. पुढच्या वर्षी नवा ठेकेदार, नवा कागद, आणि उथळ हिस्सा वर्ज्य ही ओळ गळाली. वेळीच पाहिले म्हणून थांबवता आले. आता पोकलेन उतरण्याआधी कार्यादेशाची प्रत ग्रामपंचायतीच्या फलकावर लागल्याशिवाय पाळीवरचा रस्ता मोकळा होत नाही.

लीजची गोष्ट अजून लटकलेली आहे. गवत्या, सापळे, जाळीचे डोळे यांच्या अटी संस्थेने स्वतःहून करारनाम्यात घालून घेतल्या. मुदत संपली आणि दुसरी संस्था आली, तर त्या अटी तिला लागू नाहीत. त्या जिल्हा परिषदेच्या मूळ लीज-नमुन्यात या तलावापुरत्या जोडून घ्याव्यात असा अर्ज गेला आहे. त्याची पोच ग्रामपंचायतीच्या फायलीत आहे, उत्तर आलेले नाही, आणि मुदत पुढच्या जूनमध्ये संपते.